मामा झोपत नाही

या पानावर बहुतेक जण रात्रीचे अनुभव लिहितात. माझा भर दुपारचा आहे. लख्ख ऊन होतं, वॉशिंग मशीन फिरत होतं, खाली रस्त्यावर कुणीतरी हॉर्नवर हात ठेवून बसलं होतं. आणि तरीही...

जे घडलं ते तसंच लिहितेय. एक शब्द पदरचा नाही. ज्यांना थापा वाटतील त्यांनी खुशाल थापा म्हणावं. खरं सांगू? कुणीतरी मला खोटं पाडावं, एवढ्यासाठीच लिहायला बसलेय.

लेकीचा डोळा लागलाय. ती उठेपर्यंत जेवढं होईल तेवढं.

तर, आमचं घर तिसऱ्या मजल्यावर. दार उघडलं की थेट हॉल. आत स्वयंपाकघर आणि एक खोली. त्या खोलीत खिडकीशी माझं शिलाई मशीन. मी घरूनच कामं घेते. पँटची उंची कमी करायची, चेन बदलायची, ढगळ शर्ट आत घ्यायचा, असलं. नवरा लिफ्ट दुरुस्तीला जातो. त्याला केव्हाही बोलावणं येतं.

आणि आमची सहा वर्षांची लेक. तिला सगळे खारू म्हणतात. बिस्किटं, खोडरबरं, माझ्या मशीनच्या बॉबिन... हाताला लागेल ते उशीखाली साठवून ठेवते म्हणून.

गेल्या महिन्यात खारू घसरगुंडीवरून पडली. पाय मोडला. मांडीपर्यंत प्लास्टर. पाय जमिनीला टेकवायचाच नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. म्हणून तिची कॉट हॉलमध्ये आणली, बरोबर दारासमोर. मशीनवर बसून मान वळवली की मला ती दिसते.

खार एका जागी बांधून ठेवली की काय होतं? तेच झालं. चिडचिड, रडारड, उशा फेकणं.

मग वहिनीने डबी पाठवली.

डबी म्हणजे हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम. माझ्या दादाचा. दादा दोन वर्षांपूर्वी गेला. साधा ताप म्हणून दवाखान्यात नेला, तो घरी आलाच नाही. शेवटच्या दिवसांतही डबी त्याच्या उशाशी होती. तो गेल्यावर वहिनीने ती बंद केली आणि कपाटात ठेवून दिली. आता म्हणाली, "भाचीच्या कामी येऊ दे. माझ्या कपाटात तरी काय करतेय ती."

मला डबी हातात घेताना कसंसंच झालं. आम्ही लहान होतो तेव्हा दोघांत मिळून एकच जुनी डबी होती. तिच्यावरून आम्ही एकमेकांचे केस उपटलेत. पण दादाचा एक नियम होता, तो मीही कधी मोडला नाही.

खेळातल्या माणसाला झोपवल्याशिवाय डबी बंद करायची नाही.

"तो बिचारा रात्रभर उभा राहील ना," दादा म्हणायचा. जेवायला कितीही हाका आल्या तरी तो आधी आपल्या माणसाला घरी न्यायचा, पलंगावर आडवा करायचा, मगच बटण दाबायचा. मी खारूलाही तेच शिकवलं.

दादाच्या डबीत एक गावाचा खेळ होता. छोटं घर बांधायचं, भाजी लावायची, अंधार पडला की झोपायचं. खारूला तो फार आवडला. तिचं वेगळं प्रोफाइल केलं. सशाची कानटोपी घातलेली बाई निवडली तिने. दादाचं प्रोफाइल शेजारीच होतं. हिरव्या टोपीचा माणूस.

तो तसाच राहू दिला. दादाचं असं किती उरलंय आमच्याकडे...

मग नवऱ्याने खारूसाठी चित्रं रंगवायचा एक गेम घेतला. तो डबीत उतरवायला घेतला आणि अडलं.

"आई, डबी म्हणते जागा नाही."

"म्हणजे काय?"

"म्हणजे तिचं पोट भरलंय," खारू म्हणाली. "तिला शी करायला ने."

नवरा खो खो हसला. कामावर निघता निघता बुटाची नाडी बांधत मला म्हणाला, "सोपं आहे गं. दादाचे जड जड गेम उडव. गेम काढला तरी त्याने खेळलेलं वेगळं साठवलेलं असतं. त्याचं प्रोफाइल जागच्या जागी राहतं."

"नक्की ना?"

"लिफ्टवाल्यावर विश्वास नाही? लोक जीव सोपवतात माझ्यावर."

"लोकांनी आपल्या घरातला पंखा पाहिलेला नाही. महिनाभर किरकिरतोय."

तो गेला. मी दादाचे गाड्यांचे, विमानांचे, फुटबॉलचे गेम काढून टाकले. अर्ध्याच्या वर जागा मोकळी झाली. रंगांचा गेम डाउनलोडला लावला आणि मशीनवर येऊन बसले. एका पँटची चेन बदलून होते न होते तोच खारूने हाक मारली.

"आई, परत पोट भरलं."

मी जाऊन पाहिलं.

मोकळी केलेली सगळीच्या सगळी जागा... पुन्हा भरली होती.

आत जाऊन शोधलं तेव्हा कळलं. अल्बममध्ये व्हिडिओ क्लिपा साठल्या होत्या. डबीवर एक बटण आहे, ते दाबून धरलं की आधीच्या अर्ध्या मिनिटाचा खेळ रेकॉर्ड होतो. तशा क्लिपांची रांगच्या रांग. सगळ्यांवर त्या दिवसाची तारीख.

आणि प्रत्येकीच्या कोपऱ्यात हिरवी टोपी, दादाच्या प्रोफाइलची खूण.

एक लावून पाहिली. गावाच्या खेळातलं घर. पलंगावर खारूची कानटोपीवाली बाई झोपलेली. आणि दाराशी हिरव्या टोपीचा माणूस. आपल्याकडे पाठ. दाराला चिकटून बसलेला.

अर्धं मिनिट तो हलला नाही.

दुसरी लावली. तीच खोली. तीच पाठ.

तिसरी. तेच.

"खारू, मामाच्या नावाने खेळतेस का तू?"

"नाही. मामा स्वतःच येतो."

"बाळा, खरं सांग."

"खरंच सांगतेय! मी माझ्या बाईला झोपवते. तो झोपतच नाही. मी त्याला म्हटलं पण, मामा झोप, नाहीतर आई रागावेल."

संध्याकाळी नवऱ्याला सांगितलं. त्याने चहाचा घोट घेतला आणि सगळं तीन वाक्यांत निकालात काढलं. "त्या खेळात दोघांचं घर एकच असतं. जो माणूस मध्येच बंद केला, तो होता तिथेच बसून राहतो. आणि रेकॉर्डचं बटण आपली लंगडी घोडी दाबत असणार."

"मी घोडी नाही!" कॉटवरून आवाज आला. "मी खार आहे!"

तो हसला. मी नाही हसले.

मध्येच बंद केलेला...

दादा गेला त्या दिवशी त्याच्या हातातून डबी वहिनीने काढून घेतली होती. तिने नुसतं बटण दाबलं होतं. तिला आमचा नियम कुठे माहीत होता? म्हणजे माझा दादा दोन वर्षं तसाच दाराशी... जागा...

मी सगळ्या क्लिपा पुसल्या. रंगांचा गेम पुन्हा लावला.

सकाळी जागा पुन्हा भरलेली.

या वेळी क्लिपांना आवाज होता.

आधीच्या क्लिपांत खेळाचं संगीत होतं. यांत नव्हतं. मी डबी कानाशी नेली. आधी काहीच नाही. मग एक आवाज आला. ओळखीचा. इतका ओळखीचा की आधी मला तो कळलाच नाही...

खर्रर्र... खर्रर्र... थांबला. पुन्हा खर्रर्र.

माझं शिलाई मशीन.

मग माझाच आवाज, लांबून, आतल्या खोलीतून यावा तसा. "खारू, दूध संपवलंस का?"

हे मी तासाभरापूर्वी म्हटलं होतं.

नवऱ्याला फोन लावला. तो कुठल्या तरी इमारतीच्या लिफ्टवर चढून बसला होता. म्हणाला, "अगं, त्या डबीला माइकच नाहीये. बाहेरचा आवाज आत जाईल कुठून?"

"तेच तर तुला विचारतेय."

 तो म्हणाला, "आज रात्री बघतो मी. तोवर देऊ नकोस तिच्या हातात."

डबी बंद केली आणि मशीनच्या टेबलावर, माझ्या डोळ्यांसमोर, चार्जिंगला ठेवली. तिला कुणी हात लावला नाही. मी समोरच शिवत होते. मध्येच काय वाटलं कोण जाणे, उघडून पाहिली.

एक क्लिप नवीन होती.

तीच खोली. पण पलंग रिकामा.

दार उघडं. सताड. दाराबाहेर खेळात अंगण असतं, भाजीचे वाफे असतात. इथे काहीच नव्हतं. नुसता काळोख.

हिरव्या टोपीचा माणूस... कुठेच नव्हता.

मशीनचा आवाज आला. खर्रर्र. थांबला. कितीतरी वेळ शांतता. एवढी शांतता अर्ध्या मिनिटात मावेल असं मला वाटलं नव्हतं.

मग माझा आवाज.

"खारू?... खारू, कुठे आहेस?"

पावलं. आपटलेलं दार. आणि मग जो आवाज आला तो मी आयुष्यात कधी काढलेला नाही, पण तो माझाच होता. "अरे, खारू नाहीये! खारू घरात नाहीये!"

क्लिप संपली.

मी मान वळवली. खारू कॉटवरच होती. जीभ बाहेर काढून स्केचपेनने प्लास्टरवर फुलं काढत होती.

हे मी कधी म्हटलं होतं? कधीच नाही. लेकीचा पाय प्लास्टरमध्ये. तिला कॉटवरून खालीसुद्धा उतरता येत नाही. "कुठे आहेस" असं मी तिला विचारणार तरी कशाला?

म्हणजे हे अजून... व्हायचं होतं.

त्या वेळी मला एकच दिसलं. पलंग रिकामा, दारातला माणूसही नाही. दोघंही गेलेत. एकत्र गेलेत. दादाला झोप नाही, चैन नाही, आणि तो माझ्या लेकीला सोबत म्हणून...

मला लाज वाटली असं मनात आणायची. ज्याने मला सायकल शिकवली, माझ्या वाटचा मार खाल्ला, त्याच्याबद्दल मी हे म्हणत होते. पण पोटच्या पोरीपुढे भाऊ कुठे उभा राहतो? तुम्हीच सांगा.

वहिनीला फोन केला.  सगळं ऐकून ती म्हणाली, "तो असं नाही करणार गं. शेजारचं मांजरसुद्धा न विचारता उचलून आणायचा नाही तो."

"मला कळतंय वहिनी. पण मी वाट कशाची बघू?"

 ती नाक ओढून म्हणाली, "पूस. तुझी पोर आहे. फक्त... पुसायच्या आधी त्याला एकदा झोपव. तुमचं ते असतं ना काहीतरी. मला तेव्हा ठाऊक असतं तर मीच झोपवलं असतं."

मी दादाचं प्रोफाइल उघडलं.

तो तिथेच होता. दाराशी, पाठमोरा. मी बटणाने त्याला पलंगाकडे वळवलं. तो एक पाऊल आला. थांबला. आणि मी बटण सोडलेलं नसताना... मागे फिरून पुन्हा दाराशी जाऊन बसला.

पुन्हा वळवलं. पुन्हा तेच.

"दादा," मी हळूच म्हटलं, खारूला ऐकू जाऊ नये म्हणून, "झोप ना रे आता. किती दमला असशील."

डबीतून आवाज आला.

टक... टक... टक...

दार वाजवल्याचा. हा आवाज त्या खेळात नाही, खारूबरोबर मी तो कितीदा खेळलेय. मला वाटलं, दादाच दार ठोठावतोय. त्याला बाहेर पडायचंय. तिला घेऊन बाहेर पडायचंय.

 मी खेळातून बाहेर आले, त्याचं प्रोफाइल निवडलं आणि काढून टाकायला सांगितलं. डबीने विचारलं, हे परत मिळवता येणार नाही, पुसायचं का?

हो.

हिरवी टोपी गेली, सगळ्या क्लिपांसकट. मागे जागा एवढी उरली की रंगांचा गेम सरसर उतरला. मी डबी खारूला दिली आणि बाथरूममध्ये नळ सोडून रडून घेतलं.

बाहेर आले तेव्हा ती गाजरी रंगाचा हत्ती रंगवत होती. वर न बघताच तिने विचारलं, "मामाला काढलंस?"

"मामा झोपला, बाळा. आता छान झोपला."

तिने बोट थांबवलं.

"मग दार कोण धरणार?"

"कसलं दार?"

"बाहेरचे वाजवतात ना सारखे. मामा दार धरून बसतो. म्हणून तर तो झोपत नाही."

"कोण बाहेरचे?"

तिने खांदे उडवले. "मला काय माहीत? मामा बघूच देत नाही."

आणि ती पुन्हा हत्ती रंगवायला लागली.

मी तिथेच जमिनीवर बसले. ती क्लिप डोळ्यांपुढे उभी राहिली. रिकामा पलंग. सताड दार. आणि दाराशी कुणीच नाही...

कुणीच नाही, कारण मी त्याला पुसलं होतं.

मी चोराला हाकललं की राखणदाराला? तेव्हापासून हा एकच प्रश्न माझ्या डोक्यात आहे.

दादाचं प्रोफाइल परत आणायला नवऱ्याने सगळं करून पाहिलं. ओळखीच्या दुरुस्तीवाल्याकडेही डबी नेली. गेलं ते गेलं, म्हणाला तो. वहिनीला मी एवढंच सांगितलं की झालं, दादा झोपला. ती फोनवर खूप रडली. म्हणाली, "बरं झालं गं. सुटला." तिला मी खरं कुठल्या तोंडाने सांगू?

रोज डबी उघडून बघते. जागा मोकळीच्या मोकळी. एकही क्लिप नाही. आधी भरायची तेव्हा धडकी भरायची. आता ती रिकामी जागा बघून उठते आणि दाराची कडी चाचपून येते.

काल दवाखान्यात गेलो होतो. डॉक्टरांनी फोटो बघितला आणि खारूचा गालगुच्चा घेतला. "हाड झकास जुळलंय. परवा प्लास्टर काढू. मग पळू दे हिला घरभर, शोधत बसा तुम्ही." सगळे हसले. खारूने टाळ्या वाजवल्या. मी विचारलं, "अजून थोडे दिवस ठेवता नाही का येणार?" नवऱ्याने माझ्याकडे असं पाहिलं, की मी मान खाली घातली.

कशी सांगणार? पाय बांधलेला आहे तोवर ती कुठे आहे हे मला कुणाला विचारावं लागत नाही. ते वाक्य माझ्या तोंडून निघू शकत नाही.

दाराला कडी आहे, साखळी आहे. कालपासून शिलाई मशीनही हॉलमध्ये, दारापाशी आणून ठेवलंय. नवरा म्हणतो, उजेड कमी आहे तिथे, डोळे जातील. म्हटलं, जाऊ देत.

हे सगळं मी तिथेच बसून लिहितेय. दाराकडे तोंड करून. मागे खारूचा श्वास ऐकू येतोय. मध्ये मध्ये लिहायची थांबते आणि तो ऐकते, मग पुढचं वाक्य लिहिते.

दुपार आहे. जिन्यात कुणी नाही. मघाशी साखळी जराशी हलली, ती वाऱ्याने असेल...

डोळे मिटायला लागलेत. पण नाही. बसायचं आहे. किती दिवस, ते मला ठाऊक नाही.

दादाला तरी कुणी सांगितलं होतं?